रिव्हर्सचे चार दाते

सिडको, नांदेड
रविवार, १२ जानेवारी २०२५

चि. राघवेंद्र,

आशीर्वाद. आम्ही दोघं ठीक आहोत. तुझ्या आईचा गुडघा थंडीने धरतो, तेवढं सोडलं तर तक्रार नाही. संक्रांत दोन दिवसांवर आली तरी यंदा तिने तीळ आणलेले नाहीत. सुकन्यामावशीला म्हणावं, तुझ्या भाच्याला दीड महिना लातूरला सांभाळलंस, हे भावजी विसरणार नाहीत.

फोन न करता पत्र लिहितोय याचं तुला नवल वाटेल. फोनवर तू नुसता हं-हं करतोस, मग माझा आवाज चढतो, मग तू फोन ठेवतोस. कागदावर मला माझं वाक्य पुरं करता येतं.

गाडीचा गिअरबॉक्स झाला. पहिली बातमी ही. पडवीत ताडपत्री टाकून घरीच केला. एकतीस वर्षं आयटीआयमध्ये पोरांना फिटरकाम शिकवलं, म्हटलं एकदा स्वतःच्या गाडीवर हात चालवून बघू. जुनं तेल काढलं, चाकांचे दांडे सोडवले, हनीफ मिस्त्रीने खालून जॅक धरला आणि बॉक्स उतरवला. सगळे गिअर डिझेलमध्ये धुऊन तुझ्या आईच्या मोठ्या परातीत ओळीने मांडले. दोन बेअरिंगं गेलेली होती, ती बदलली. पितळी कड्या नव्या टाकल्या. आता गाडी लोण्यासारखी गिअर घेते. या भानगडीत हनीफच्या कपाळाला थोडं लागलं, पाना निसटला. चार टाके पडले. बरा आहे.

तू तीनदा म्हणालास, बाबा, ती गाडी भंगारात घाला. कोर्टाने गाडी खटला संपेपर्यंत सुपुर्तनाम्यावर दिली आहे, विकायची नाही आणि तिच्यात काही बदलायचंही नाही, अशी अट आहे. तू म्हणालास, कोण बघायला येतंय. मला वाटलं, पोराला ती गाडी डोळ्यांसमोर नको असेल. चोराच्या मनात चांदणं, हे तेव्हा मला सुचायला हवं होतं.

अट मीही मोडली. पण का मोडली ते ऐक. तू पोलिसांना सांगितलंस की धर्माबादला गोदामासमोरच्या चढावर गाडी पहिल्या गिअरमध्ये लावून तू खाली उतरला होतास, फोनवर बोलत होतास, गिअर आपोआप निसटला आणि गाडी मागे गेली. मागे तुझा भागीदार सत्यम शटरला कुलूप लावत होता, गाडीकडे त्याची पाठ होती. त्याचा उजवा पाय मांडीपासून कापावा लागला. शुद्धीवर आल्यापासून तो एकच सांगतोय, की राघू गाडीत होता. पोलीस म्हणाले, डोक्याला मार आहे, भ्रमात बोलतोय. हमाल जेवायला गेलेले, पाहणारं कोणी नाही. मी माझ्या पोरावर विश्वास ठेवला. म्हटलं, गिअर निसटला तर त्याची खूण आत सापडणारच. झिजलेली कडी, मेलेली स्प्रिंग, काहीतरी. ती वस्तू काढायची, कोर्टासमोर ठेवायची आणि म्हणायचं, हे बघा, दोष लोखंडाचा आहे. त्यासाठी बॉक्स उघडला. तुला सोडवायला उघडला.

पहिल्या गिअरला काहीही झालेलं नाही. गिअर जागेवर धरणारी स्प्रिंग ताठ, गोळी गुळगुळीत, खाचा जशाच्या तशा. मी भिंगातून पाहिलं. चारदा पाहिलं. शेवटी हनीफने चहा खाली ठेवला, परातीतून रिव्हर्सचा गिअर उचलला आणि उन्हात धरला. एका बाजूचे चार दाते तुटलेले. तेलाच्या बुचाला लोहचुंबक असतं, त्याला तेच तुकडे चिकटलेले, चकचकीत, धार अजून बोटाला लागणारी. दिवाळीला तेल हनीफनेच बदललं होतं, तेव्हा चुंबक साफ होतं.

तुला ठाऊक आहे, मी सांगायला नको, पण कोणाला तरी सांगितल्याशिवाय राहवत नाही. उभ्या गाडीचा गिअर निसटला तर रिव्हर्सचा केसही वाकडा होत नाही. तो तुटतो गाडी पुढे चाललेली असताना कोणी जोर करून मागचा गिअर घातला तर. हनीफ माझ्याकडे न बघता म्हणाला, "सर, गाडी थांबू बी दिली न्हाई. पुढं जाता जाताच दाबल्यालं हाय. लई रागात होता कुणीतरी."

पाना निसटला नाही. मी फेकला. बावीसचा रिंग पाना, हातभर अंतरावरून, तोंडावर नेम धरून. तीस वर्षांपासूनचा मित्र, कपाळ फुटून रक्त डोळ्यात उतरलं आणि तो परातीवर पडला. मी तरी थांबलो नाही. कॉलर धरून त्याला पडवीच्या खांबावर दोनदा आदळलं. तोंडाला येईल ते बोललो, त्याच्या आईपर्यंत गेलो. तुझी आई मध्ये पडली तेव्हा सोडलं. त्याने हात उचलला नाही. आपल्याच रुमालाने कपाळ दाबून उभा राहिला. दवाखान्यात डॉक्टरने विचारलं तेव्हा पाना निसटला ही थाप त्यानेच मारली. मी शेजारी उभा होतो, मान हलवली. आणि वर तीच थाप तुलाही लिहिली. सवय लागते बघ.

दाते आधीच तुटलेले असतील, असंही मनाला सांगून पाहिलं. पण त्या घटनेच्या आदल्या दिवशी तुझ्या आईला दवाखान्यातून आणून मीच गाडी फाटकातून मागे घेतली होती. हूं की चूं नाही.

पुढचं लिहायला मला लाज वाटते. मी जुन्या बाजारातून त्याच मापाचा गिअर आणला. जोडीच्या गिअरांवर ओरखडे होते, ते तेलाच्या दगडाने घासून काढले. दोन दिवस एकट्याने, लाकडी ठोकळे आणि दोर लावून, या वयात बॉक्स वर चढवला. बोटांची सालं निघाली. तुटका गिअर पँटच्या खिशात ठेवला, म्हटलं फेरफटका मारून गोदावरीच्या पुलावरून टाकू. विषय संपेल. सत्यमचं काय, हा विचार माझ्या मनात एकदाही आला नाही. चार वर्षं तुझ्याबरोबर मिरचीचा धंदा करणारा, आपल्या स्वयंपाकघरात बसून शेंगदाण्याची चटणी मागून खाणारा मुलगा. एकदाही नाही.

शुक्रवारी सकाळी गाडी सुरू केली. फाटकातून मागे काढायची म्हणून रिव्हर्स टाकला. सुरेख बसला. आरशात पाहिलं तर तुझी आई फाटकाच्या बंद दाराला पाठ लावून उभी. मी हॉर्न वाजवला. ती हलली नाही. काच खाली करून ओरडलो. तशीच.

"घ्या मागं," ती म्हणाली. "घ्या ना. मग सांगा लोकांना, गिअर निसटला."

राघू, माझा पाय क्लचवर होता. थोडा सुटला असता तर ती मेली असती. आणि खरं सांगू? तिच्यावर मला इतका राग आला की एक क्षण तो पाय सुटावा असं वाटलं. सदतीस वर्षांच्या संसारात त्या बाईने मला कधी उलटून उत्तर दिलं नव्हतं. मी इंजिन बंद केलं, पण उतरता येईना. ती आली, दार उघडलं आणि माझ्या खिशात हात घालून तो गिअर काढून घेतला. तिला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. तू त्या दुपारी घरातून बाहेर पडलास तेव्हाचा तुझा चेहरा तिने पाहिला होता. मीही पाहिला होता. मला तो आवडला होता.

इथवर आलो, आता त्या दुपारबद्दल लिहितो. याच्यासाठीच पत्र लिहायला बसलो आणि तीन पानं इकडचं तिकडचं सांगत राहिलो.

अठ्ठावीस नोव्हेंबर. सकाळी गोदामात तू सत्यमच्या वडिलांना, महादेवप्पांना, शिवी दिलीस आणि त्याने तुझ्या थोबाडीत मारली, हमालांदेखत. तू गाडी घेऊन दोन तास चालवत घरी आलास. कशाला आलास? मी रोज स्वतःला विचारतो. तिथल्या तिथे काही करायचं असतं तर केलं असतंस. तू घरी आलास, म्हणजे तुला शांत व्हायचं होतं. आईने ताट वाढलं, वरण-भात, वांग्याची भाजी. तू पहिला घास घेतलास आणि मी तुझ्या गालावरची बोटं पाहिली.

मी ताटाला लाथ मारली. वरण भिंतीवर उडालं, वाटी तुझ्या छातीला लागली. मी म्हणालो, "मार खाऊन आलेल्याला ह्या घरात जेवण नाही. जा, जसा आलास तसा माघारी जा. काय करायचं ते करून ये, मग बस ताटावर."

तू भाताची बोटं धुतलीसुद्धा नाहीस. उठलास आणि किल्ली घेतलीस. परत दोन तासांचा रस्ता. त्या दोन तासांत कुठेही तू गाडी वळवली असतीस, उमरीला थांबून चहा प्यायला असतास. पण घरी यायचं दार मी लावून घेतलं होतं ना.

हे त्या दिवशी सुरू झालं नाही. तू दुसरीत होतास. मैदानावरून नाक फोडून घेऊन रडत आलास. मी तुला स्टीलच्या फूटपट्टीने झोडपलं, मारामारी केल्याबद्दल नाही, रडत आलास म्हणून. मग हाताला धरून मैदानावर नेलं आणि कडेला उभा राहिलो. तू दगड उचललास. त्या मुलाच्या डोक्यातून रक्त आलं. येताना मी तुला पेढे घेऊन दिले, आणि दुसऱ्या दिवशी स्टाफरूममध्ये ते रंगवून सांगितलं. असं किती वेळा झालं हे तुलाच माहीत, मी मोजलं नाही. तू मारून आलास की मी खूश, मार खाऊन आलास की पट्टी. मला वाटायचं, मी मुलाला वाघ करतोय.

काल मी धर्माबादच्या पोलीस ठाण्यात गेलो. तुटका गिअर, बुचाला चिकटलेले तुकडे, सगळं कागदात बांधून दिलं. हनीफ बरोबर आला, मी बोलावलं नव्हतं, कपाळाला पट्टी लावून फाटकाशी उभा होता. मी त्याच्या पायाला हात लावायला वाकलो तर म्हणाला, "न्हाई सर, चला, बस निघती." तिथे त्यानेही जबाब दिला, दिवाळीचं तेल आणि चुंबकाचं. अट मोडून गाडी खोलली, पुरावा घासला, म्हणून साहेबांनी मला चांगलं फैलावर घेतलं. माझ्यावरही गुन्हा लागेल म्हणाले. लागू दे.

मग मी ताटाचं सांगू लागलो. काय बोललो, किती वाजता बोललो, शब्द न शब्द. साहेबांनी पेन खाली ठेवलं. म्हणाले, "मास्तर, घराघरात बाप असंच बोलत्यात. हे काय लिहू मी?" आणि लिहिलं नाही. मी तासभर बसलो, पुन्हा सांगितलं. पुन्हा लिहिलं नाही.

म्हणून इथे लिहिलंय. हे पत्र जपून ठेव, तुझ्या वकिलाला दे, कोर्टात वाचू दे. मी नाकारणार नाही. त्याने तुझी शिक्षा कमी होईल की नाही, मला कळत नाही. सत्यमचा पाय तर येणारच नाही. येताना दवाखान्यात गेलो होतो. महादेवप्पा दारातच बसले होते. मी सांगितलं, तुमचा मुलगा खरं बोलतोय. ते उठले आणि माझ्या तोंडावर थुंकले. मी पुसलं नाही, तसाच उभा राहिलो. मग ते आत गेले. दाराआडून ऐकू आलं, ते सत्यमला सांगत होते की मास्तर आलेत, तुझं खरं म्हणतात, आणि तो मुलगा मोठ्याने रडायला लागला.

साहेबांनी तुला मंगळवारी हजर करायला सांगितलंय, नाहीतर ते लातूरला येतील. उद्या सकाळच्या एसटीने तुझी आई निघतेय, हे पत्र तिच्याच हाती आहे. तू वाचशील तेव्हा ती समोर बसलेली असेल. तिने यातलं अक्षर न अक्षर वाचलंय. राग येईल. तो तिच्यावर काढू नकोस, मावशीवर काढू नकोस, भिंतीवरही डोकं आपटू नकोस. तिच्याबरोबर ये. मी नांदेडच्या स्टँडवर असेन. सगळ्यांदेखत तू मला मारलंस तरी मी हात धरणार नाही. मारून झाल्यावर ठाण्यापर्यंत आपण बरोबर जाऊ.

अठ्ठावीस नोव्हेंबरला तुला उपाशी माघारी पाठवणारा,
तुझा बाप
रेणुकादास