आडनावातून निघालेला सेनापती

ती. काकांस,

पुतण्याचा वाकून नमस्कार. (कंबर धरलेली आहे, त्यामुळे जेवढं वाकता आलं तेवढा नमस्कार या पत्रात घातला आहे, उरलेला समक्ष.) गुडघा कसा आहे? मागे काकू फोनवर म्हणाल्या, गुडघा बरा आहे, पण गुडघ्याचा मालक ऐकत नाही. कानाचं यंत्र लावता की ते अजून कपाटात कापसात गुंडाळलेलंच आहे? माझे कान तेवढे अजून शाबूत आहेत. आज तुम्हाला जो घोटाळा कळवायचा आहे तो या कानांनी मला आधीच सांगितला होता, पण आमच्या घरात माझ्या कानांचं मत कोणी विचारात घेत नाही.

धाकट्याचं लग्न ठरलं हे तुम्हाला कळलंच असेल. मुलगी दातांची डॉक्टर आहे. हा दाढ दुखते म्हणून गेला आणि दाढ बरी झाल्यावरही जातच राहिला, तेव्हाच मी ओळखलं. मुलीच्या वडिलांची औषधांची दुकानं आहेत. माणूस साधा, हसरा. त्यांची बायकोही चांगली, पण पहिल्याच भेटीत चहाचा कप खाली ठेवता ठेवता त्या म्हणाल्या, "आमचं घराणं फार जुनं आहे हो." बस. तेवढ्या एका वाक्याने आमच्या घरात जी आग लागली ती अजून विझलेली नाही. परतताना गाडीत तुमच्या सूनबाईंनी मला विचारलं, "आपलं घराणं कुठून सुरू होतं?" मी म्हटलं, "भोकं पाडायच्या यंत्रापासून." (खोटं नव्हतं. आपल्या कारखान्यातल्या पहिल्या बटणांची भोकं मी हाताच्या गिरमिटाने पाडली, पण घराणं म्हणावं असं काही सुरू झालं ते यंत्र आल्यावरच.)

मग तिने शोध लावला एका आडनावतज्ज्ञाचा. हा गृहस्थ नावांचे आणि आडनावांचे अर्थ सांगतो, मूळ काढून देतो आणि मूळपुरुषाचं चित्र चौकटीत बसवून घरपोच करतो. त्याच्या कार्यालयात जगाचा एक मोठा नकाशा आहे, त्याला रंगीत टाचण्या लावलेल्या, आणि आतली खोली बाहेरच्या खोलीपासून प्लायवूडच्या भिंतीने वेगळी केलेली. आता यंत्राच्या नुसत्या आवाजावरून कुठलं बेअरिंग गेलंय ते सांगणाऱ्या माणसाला प्लायवूड म्हणजे काय? आमच्या आधी आत एक लाँड्रीवाला बसला होता. त्याचा मूळपुरुष एका राजाचा सेनापती निघाला, हे मी सोफ्यावर बसल्या बसल्या ऐकलं. लाँड्रीवाला बाहेर आला तो मान ताठ करून, इस्त्री केल्यासारखा.

मग आम्ही आत गेलो. तज्ज्ञ म्हणाले, जगात कुठेही जा, आडनावं बहुतेक चारच ठिकाणांहून येतात: धंदा, गाव, बाप आणि अंगातलं एखादं व्यंग. कुठे सगळं गाव लोहाराच्या नावाने ओळखलं जातं, कुठे गिरणीवाल्याच्या, कुठे "अमक्याचा मुलगा" एवढंच आडनाव, कुठे आडनाव आधी लिहितात आणि माणूस मागून येतो. मला हे ऐकून फार बरं वाटलं. मी विचारलं, "मग आमचं या चारातलं कुठलं?" त्यांनी डोळे मिटले. म्हणाले, "तुमचं पाचवं. पराक्रम." आणि आपल्या त्या आडनावातून (जे ऐकून आजवर प्रत्येक माणसाने मला "काय म्हणालात?" असंच विचारलं आहे) त्यांनी बघता बघता सेनापती बाहेर काढला, तलवारीसकट. जाता जाता आमच्या नावांचे अर्थही सांगितले. माझ्या नावाचा अर्थ, चारी दिशा जिंकणारा. हिच्या नावाचा अर्थ, मोजकं बोलणारी. हा अर्थ कळल्यापासून ती रोज तासभर त्याच्यावर बोलते आहे.

बाहेर आल्यावर मी म्हटलं, "अगं, लाँड्रीवाल्यालाही हाच सेनापती दिला यांनी." तर म्हणाली, "राजाकडे काय एकच सेनापती असतो? तुम्ही चोरून कशाला ऐकता?"

चित्र आलं. पांढरा घोडा, त्यावर मिशा, मिशांच्या मागे सेनापती. दिवाणखान्यातलं घड्याळ काढून तिथे लावलं. (वेळ बघायला आता आम्ही स्वयंपाकघरात जातो.) त्याच सुमारास नवं यंत्र बसवायला परदेशी कंपनीचा मेकॅनिक आला होता. त्याला जेवायला बोलावलं तेव्हा हिने सेनापतीची पूर्ण हकीकत सांगितली, धाकट्याने ती त्याच्या भाषेत केली. मग हिने विचारलं, तुमच्या आडनावाचा अर्थ काय? तो माणूस असा उंच, की आमच्या दारातून वाकून आत येतो. म्हणाला, "ठेंगू." आणि असा हसला की डाव हातातून आमटीत पडला. त्यांच्याकडे अर्धा रस्ता याच आडनावाचा आहे म्हणे, आणि कोणाला काही वाटत नाही. तो गेल्यावर ही हळहळली. "बिचाऱ्यांना चांगला तज्ज्ञ मिळाला नसेल."

आता मुख्य प्रसंग. गेल्या रविवारी मुलीकडची मंडळी आमच्याकडे आली, तारीख धरायला. मुलीची आई उंबऱ्याच्या आत पाऊल टाकते न टाकते तोच चित्रापाशी थबकली. "अगं बाई! हे आमचे इथे कसे?"

ही म्हणाली, "तुमचे कसे? आमचे मूळपुरुष आहेत ते."

"अहो, आमच्या हॉलमध्ये हेच आहेत. फक्त घोडा तांबडा."

मग मुलीच्या वडिलांना एकदम आनंदाचं भरतं आलं. त्यांनी मला मिठी मारली (कंबरेतून कळ गेली). "तरी मी म्हणत होतो, तुमच्याकडे आलं की परकं का वाटत नाही! एकाच घरचे निघालो की हो आपण!" बायकाही एकमेकींचे हात धरून उभ्या. इतका वेळ कोपऱ्यात बिस्किटं खात बसलेल्या मुलीच्या आजीने हातातलं बिस्कीट खाली ठेवलं आणि म्हटलं, "एकाच घरचे, म्हणजे मग ही दोघं भावंडं झाली की गं."

दोन्ही आयांनी एकमेकींचे हात सोडले. तेवढ्यात मुलगी धाकट्याला हळूच म्हणाली, "दादा, ती बशी इकडे सरकव ना." ते फक्त माझ्या कानांनी टिपलं. त्या क्षणी मी मनाशी ठरवलं, सून करायची तर हीच.

पण तारीख धरली गेली नाही. दुसऱ्या दिवसापासून फोन सुरू झाले. दोन्ही बाजूंचं म्हणणं एकच: एका घराने सेनापती सोडला की प्रश्न मिटतो, आणि तुम्ही मोठ्या मनाची माणसं, तेव्हा तुम्हीच सोडा. मी तज्ज्ञांकडे गेलो (त्यांचा तांबडा घोडाही याच दुकानातला). ते जराही डगमगले नाहीत. "सोपं आहे. सेनापतीला दोन बायका होत्या. तुम्ही एकीचे, ते दुसरीचे." मी म्हटलं, अहो, बाप तर तोच राहिला! (आणि घरी सांगितल्यावर हिचा पहिला प्रश्न, "थोरली कोणाची?") मग त्यांनी दुसरा तोडगा काढला. एका घराने सेनापतीच्या मोतद्दाराचा वंश घ्यावा. घोड्याला खरारा करणारा तो. म्हणाले, "चित्रातला घोडा वाया जाणार नाही, फक्त वरचा माणूस उतरवायचा." हे मी घरी येऊन सांगितलं त्या दिवशी हिच्या नावाचा अर्थ पहिल्यांदा खरा ठरला.

इकडे धाकट्याचं कामात लक्ष नाही. परवा त्याने अख्खा घाणा तीन भोकांच्या बटणांचा काढला. तीन भोकांचं बटण कोण शिवणार? तिकडे मुलीनेही कोणाचा तरी चांगला दात बराच वेळ हलवून पाहिला म्हणे. दोघं समजूतदार आहेत, आयांना दुखवून काही करणार नाहीत, आणि त्याचीच मला भीती वाटते. येत्या रविवारी शेवटची बैठक आहे. त्यात निकाल लागला नाही तर मुलीची आई दुसरं स्थळ बघणार आहे. दोन चांगली पोरं एका रंगवलेल्या मिशीपायी एकमेकांना मुकणार. बाकी सर्व क्षेम.

काकूंना नमस्कार. गुडघ्याला जपा.

तुमचा पुतण्या
(आडनाव तूर्त रिकामं ठेवतो)

ता. क. — काका, तुम्हाला रविवारी यायचं आहे. पत्र त्यासाठीच लिहिलं. लहानपणी तुम्ही मला सांगितलेली ती गोष्ट सगळ्यांसमोर सांगा. विसरला असाल तर आठवण देतो: आजोबा बोचकं घेऊन शहरात आले, गोदामाच्या दारात मुकादमाने नाव विचारलं. त्या नावाचे तिघे आधीच कामावर होते, म्हणून तो म्हणाला, पुढे काहीतरी जोड. आजोबांकडे जोडायला काही नव्हतं. समोर कंदिलाच्या काचांचं दुकान होतं, वर पाटी. वाचता येत नव्हतं, म्हणून शेजारच्याला विचारलं, काय लिहिलंय? त्याने वाचलं, आजोबांनी तेच सांगितलं. म्हणजे आडनाव दुकानदाराचं आणि रक्त आपलं, आणि पोरं एकमेकांची कोणी नाहीत. मी सांगून पाहिलं. ही म्हणते, "पोराच्या लग्नासाठी तुम्ही वाटेल ते सांगाल." तुमचं ऐकेल.

ता. क. दुसरा — गाडी पाठवतो. बंद गळ्याचा कोट घाला, त्यात तुम्ही फार खरे वाटता. कानाचं यंत्र लावून या, पण हिने उलटतपासणी सुरू केली की काढून खिशात टाका.

ता. क. तिसरा — पत्र पाकिटात घालणार तेवढ्यात हिने ते हातातून घेतलं आणि उभ्या उभ्या वाचलं. मी भिंतीला टेकून राहिलो. वाचून झाल्यावर तिने एकदा चित्राकडे पाहिलं. मग म्हणाली, "येऊ दे काकांना. सांगू दे पाटीची गोष्ट. पोरासाठी एवढं ऐकून घेईन मी." मला इतकं बरं वाटलं की कंबर विसरलो. पुढे म्हणाली, "फक्त त्यांना लिहा, तो कंदिलाच्या काचांचा दुकानदार सेनापतीच्या थेट वंशातला होता, हेही बोलता बोलता सांगून टाका. आणि आडनाव आजोबांनी पाटीवरून उचललं नाही. त्या दुकानदारानेच ते दिलं, घोड्यावरून खाली उतरून."