हणमंतप्पांचं तामलवाडी

४ मे १९४८, सोलापूर

आजही निर्वासितांच्या छावणीत. निजामाच्या हद्दीतून माणसं येतातच आहेत — रझाकारांच्या भीतीनं घर सोडलेली. त्यांची कहाणी तीच, माझी वाक्यंही तीच. संपादक म्हणतात, "काही नवीन आणा."

एक म्हातारा लक्षात राहिला. हणमंतप्पा, तामलवाडीचे किराणा दुकानदार. रोज तुळजापूरच्या रस्त्यावर जाऊन बसतात. म्हणाले, "सात कोस बी न्हाय गाव. पर जाता येईना."

९ मे

त्यांचा मुलगा वीरप्पा भेटला. गिरणीत लागलाय, खोलीही घेतलीय. "निजाम गेला तरी मी गावाकडं जाणार न्हाय." मग हळूच — "आप्पांना कळू देऊ नका, साहेब. मी सवडीनं सांगतो."

१२ मे

छापलं. नावासकट. नवीन पाहिजे होतं ना!

१४ मे

छावणीत कुणीतरी हणमंतप्पांना अंक वाचून दाखवला. मुलाशी बोलणं बंद. माझ्याशी बोलले, तेच जड गेलं. "तुम्ही खरंच लिवलं. पर मला ते पोराच्या तोंडून ऐकायचं हुतं."



१८ सप्टेंबर

पोलीस कारवाई संपली. निजाम शरण आला. गावभर पेढे. संपादकांना आता घरी परतणारे हवेत.

२६ सप्टेंबर, तामलवाडी

हणमंतप्पांबरोबर आलो. निरोप द्यायला वीरप्पा आला नाही.

दुकानाची फळी मोडलेली, आत उंदीर. हणमंतप्पा तिथं थांबलेच नाहीत, शेजारच्या पिंजाऱ्याच्या दाराशी गेले. पळाले त्या दिवशी या घरच्या खातूनबीनं त्यांना बैलगाडीत कापसाखाली लपवून हद्द पार करवली होती. हे मला आज कळतंय — मे महिन्यात मी विचारलंच नव्हतं.

लोक म्हणाले, कारवाईनंतर रझाकारांचा सूड गावच्या मुसलमानांवर निघाला, त्यात तिचा थोरला मारला गेला, धाकटा कुठं गेला ठाऊक नाही.

त्यांनी कडी वाजवली. "भाभी, मी हणमंतप्पा."

आतून आवाज — "अकेली हूँ, अप्पा. कोई नै रहा."

२८ सप्टेंबर, सोलापूर

बातमी दिली. खातूनबीचा परिच्छेद संपादकांनी काढला. "सध्या हे नको." मी वाद घातला नाही. इतका शिणलोय की वादाचे शब्दही आठवेनात.

५ ऑक्टोबर

वीरप्पाच्या खोलीवर गेलो — माफी मागायला. दारात हणमंतप्पा! आत भिंतीला टेकून खातूनबी. गावचं घर बंद करून दोघं सकाळीच आलेत.

पाच महिन्यांनी बाप मुलाशी बोलला, ते एवढंच — "हिला तिथं ठेवण्यासारखं न्हाय. तुझ्याकडं जागा हाय का?"

वीरप्पानं आपलं अंथरूण उचललं आणि बाहेर ओट्यावर नेऊन टाकलं.