बाहेरून ऐकलेला आवाज

३ फेब्रुवारी, सोमवार. कामोठे

कोडे : ध्वनिमुद्रणातला स्वतःचा आवाज ऐकून माणूस का दचकतो? इतरांचे आवाज तर त्याच फोनवर जसेच्या तसे वाटतात.

दरवर्षी बारावीचा एखादा विद्यार्थी हे विचारतो आणि मी आनंदाने फळ्यावर कवटी काढते. आपला आवाज आपल्या कानापर्यंत दोन वाटांनी येतो. एक हवेची, एक हाडांची. हाडांची वाट जाड, घुमणारे स्वर अधिक पोचवते. मुद्रणात ती वाट नसते. म्हणून तो आवाज पातळ आणि परका. वीस वर्षे शिकवलेले उत्तर. आज स्वतःला दिले, उपयोग झाला नाही.

कारण असे. दादाच्या मयुरीचे लग्न सोळाला. पंधराला संध्याकाळी मांडवात धवला, म्हणजे देवांना नावे घेऊन गाण्यातून लग्नाला बोलावणे. आमच्या घरी हे आजवर थोरल्या काकीने गायले. तिच्या घशाचे ऑपरेशन झाले. डॉक्टरांनी गाणे बंद केले, बोलणेही मोजके. काल सगळे जमलो असताना तिने काही न बोलता माझ्याकडे बोट केले. लहानपणी तिच्या मांडीला लागून बसत असे, ओळी मागून म्हणत असे. तेवढ्या आधारावर.

रात्रीचे जेवण होण्याआधी एक धवला गाऊन फोनवर मुद्रित केला. अर्धाही ऐकवला नाही.

५ फेब्रुवारी, बुधवार

दिवसभर प्रात्यक्षिक परीक्षा. मयुरी ऐरोलीहून ऑफिस सुटल्यावर परस्पर इकडे आली. तिला मुद्रण ऐकवले.

"भारी आहे गं आत्या. फक्त असं वाटलं की आता तू म्हणणार, ज्यांचं जर्नल पूर्ण आहे त्यांनीच मांडवात बसा."

दोघी हसलो. ती गेल्यावर पुन्हा ऐकले. निरीक्षण अचूक आहे. प्रत्येक शब्द सुटा, प्रत्येक ओळीचा शेवट खाली आणून ठेवलेला. सूचना देणारा आवाज. हा मी मेहनतीने कमावला आहे. नोकरीच्या पहिल्या वर्षी वर्ग माझ्या गावच्या बोलण्याला हसला होता, तेव्हापासून.

कमावलेले एका संध्याकाळपुरते बाजूला ठेवता येते का?

६ फेब्रुवारी, गुरुवार

दादाचा फोन. "उरणची एक गाण्याची पार्टी आहे. चार बाया, ढोलकी, माइक, सगळं त्यांचं. सोमवारपर्यंत सांग. तुला टेन्शन नको म्हणून बोलतोय."

"तुला काय वाटतं?"

"मला काय वाटायचंय? काकीला वाईट वाटेल. पण सगळ्या गावासमोर तू मध्येच अडकलीस तर, त्यापेक्षा..."

मयुरीला पार्टी नको आहे, हे दोघांनाही ठाऊक.

८ फेब्रुवारी, शनिवार. करंजाडे, माहेरी

तक्ता करून नेला. देवांची एकतीस नावे, क्रमाने; प्रत्येकापुढे ओळ. काकीला विचारले, क्रम बरोबर आहे का? मागच्या तीन लग्नांत तिने तीन वेगळे क्रम घेतल्याचे मला आठवते.

ती आवाज न करता हसली. "देवांची काय हजेरी घेतस? जो आठवंल तो पयला."

"आणि एखादा राहिला तर?"

"देव रुसत नाय. मान्सं रुसतान."

वहिनी आतून ओरडली, "काकी, डॉक्टरांनी गप बसाला सांगलंय ना?"

"मेल्यावर गपच हाय."

मग मुद्रण लावले. खरे कारण लिहून ठेवते : तिने 'नको' म्हणावे, म्हणजे निर्णय मला घ्यावा लागणार नाही. तिने डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकले.

"कसा वाटतो आवाज?"

"कसा म्हंजे? तुजाच हाय. कोनाचा असनार?"

"विचित्र नाही वाटत?"

"तू रोज अशीच बोलतस."

मग तिने जपून ठेवलेले शब्द खर्च केले. तिच्या तरुणपणी कोणीतरी लग्नात टेप आणला, तिचा धवला भरून तिला ऐकवला. "मना वाटलं, ही फाटकी कोन?" पुढच्या दोन लग्नांना तिने तापाचे निमित्त काढले. तिसऱ्याला सासूने विचारले, "तुजा आवाज तुज्यासाटी हाय का? नवरीनं आयकाचा हाय."

"मग?"

"मंग काय. मी मलाच आयकाचं सोरलं."

काकीला कवटीतल्या दोन वाटा ठाऊक नाहीत. तरी त्यांतली कोणती मोजायची, एवढे ती सांगून गेली.

९ फेब्रुवारी, रविवार. करंजाडे

ओट्यावर तालीम. वहिनी आणि शेजारच्या दोघी मागे, काकी माझ्या डाव्या बाजूला, तिचा पंजा माझ्या गुडघ्यावर ताल धरून.

अकराव्या नावाला डोके कोरे. तक्ता आत, खाटेवर.

मागच्या बायांनी माझी शेवटची ओळ उचलली, नेहमीप्रमाणे. संपल्यावर, मी गप्पच आहे असे पाहून, पुन्हा उचलली. कोणी माझ्याकडे वळूनही पाहिले नाही. गुडघ्यावरचा पंजा त्याच गतीने. तिसऱ्या वेळी नाव आले. तक्त्यातले अकरावे नव्हते, विसावे होते. चालले.

ओळ मागून म्हणण्याची पद्धत मी आजवर भक्तीची समजत होते. ती विसरणारीसाठी ठेवलेली जागासुद्धा आहे. काकी इतकी वर्षे न अडखळता गायली, असे आम्ही म्हणतो. ती किती वेळा अडखळली असेल, हे फक्त मागच्या बायांना माहीत.

उठताना शेजारीण : "बाई, आमी नापास तं नाय ना?"

१० फेब्रुवारी, सोमवार

दादाला कळवले, पार्टी नको.

"नक्की?"

"नक्की नाही. पण नको."

१३ फेब्रुवारी, गुरुवार

शंका परत आली. पहाटे, चहाच्या आधी, कारण नसताना. काकीने ऐकून घेतले हे खरे. पण तिचा जीव माझ्यावर आहे. एका साक्षीवर निष्कर्ष काढू नये, असे मीच शिकवते.

म्हणून अकरावीच्या तासाला प्रयोग. जोड्या केल्या. प्रत्येकाने एक वाक्य मुद्रित करायचे, दोघांनी ऐकायचे. स्वतःचे ऐकताना वर्गभर शहारे, हसू, तोंडे झाकणे. शेजाऱ्याचे ऐकताना काहीच नाही. जणू दोन वेगळी मुद्रणे.

एक मुलगी, "मॅडम, तुमचंपण." धवल्याची पहिली ओळ लावली, कोणाची ते न सांगता. मागच्या बाकावरून : "मॅडम, तुम्हीच आहात. रागावायच्या आधी असाच येतो."

म्हणजे मयुरीचे निरीक्षणही खरे, काकीचेही. आवाज मास्तरणीचा आहे आणि तो माझाच आहे. दुसरा माझ्यापाशी नाही.

१५ फेब्रुवारी, शनिवार. करंजाडे, दुपारी चार

मांडव उभा. दादाने न विचारता माइक आणून ठेवला. काकीने त्याच्याकडे पाहून एकच वाक्य खर्चले, "ह्याची वायर काड." दादाने काढली. पाचला बसायचे. तक्ता पर्समध्ये, पर्स घरात, ती आणायला जाणार नाही असे ठरवले आहे. दोनदा उठून पुन्हा बसले. मयुरी हळदीच्या साडीत खिडकीतून पाहते आहे. तिने अंगठा दाखवला, मीही दाखवला. गाणे गाण्यासारखे होईल की सूचनेसारखे, माहीत नाही. काकी चटईवर माझ्यासाठी जागा धरून बसली आहे, डावीकडे.

अकरावीला लिहून द्यायचे राहिले, ते इथे. एक वाक्य फोनवर मुद्रित करा. स्वतः ऐका, कसे वाटले ते कागदावर लिहा. मग तेच, तुम्हाला रोज ऐकणाऱ्या एखाद्या माणसाला ऐकवा. चेहऱ्याने काही सुचवू नका. एवढेच विचारा : यात काही वेगळे आहे का? त्याचे उत्तर आपल्या कागदाशेजारी लिहा.