डोहाळा टॉफीच्या केकचा

बेव्हर्ली पार्क, मीरा रोड
९ फेब्रुवारी २०२५

ती. सुलूताईस,
शैलाचा शि. सा. न. वि. वि.

रोज संध्याकाळी फोनवर आपलं ‘चहा झाला का, गोळी घेतलीस का’ होतं आणि तेवढ्यावरच संपतं. मनातलं बोलायला आपल्या दोघींना अजून कागदच लागतो, म्हणून दुपारी दार लावून बसलेय.

आपल्या भाविकाला पुढच्या महिन्यात सातवा लागेल. तब्येत ठणठणीत आहे, पोरगी अजून ऑफिसला जातेय. २३ मार्चला रविवार आहे, त्या दिवशी घरीच डोहाळजेवण करायचं ठरवलंय. तू आठ दिवस आधी यायचंस. यतीन वाईला येऊन तुला गाडीनं घेऊन येईल, तेव्हा एसटीत पाय अवघडतात हे कारण चालणार नाही.

आता खरी गंमत ऐक. आपल्या आईला भाजलेल्या मातीचे डोहाळे लागले होते, मला कैरीचे. माझ्या सुनेला लागलेत केकचे! तिच्या ऑफिसातल्या मैत्रिणीनं घरी करून आणला होता म्हणे. खाली मऊ केक आणि वर टॉफीचे नि चॉकलेटचे तुकडे घातलेला खुसखुशीत चुरा. दुकानातला आणून दिला तर दोन घास खाऊन बाजूला सारला. घरचाच हवा. डोहाळा अपुरा राहिला तर बाळाचा कान फुटतो असं जुन्या बायका म्हणायच्या. माझा विश्वास नाही, पण उगाच परीक्षा कशाला बघा?

यतीनच्या लग्नात आलेला ओव्हन आहे, त्यात आजवर मी पापडांचे डबे ठेवत होते. ते बाहेर काढलेत. मैत्रिणीनं कृती पाठवलीय, पण तिच्यात नुसतं ‘चुरा तयार करा’ एवढंच लिहिलंय. तू करंज्या-शंकरपाळ्यांमधली दादा, तूच सांग हा चुरा खुसखुशीत कसा करायचा ते. उत्तर लवकर धाड.

हे तुला नमस्कार सांगतायत. लोभ आहे तसाच राहो.

तुझी,
शैला

•

वाई
१६ फेब्रुवारी २०२५

चि. सौ. शैलास,
अनेक उ. आ.

पत्र पोचलं. सुनेला केकचे डोहाळे आणि सासूला धास्तीचे! अगं, त्यात घाबरायचं काय? चुरा म्हटला की मोहन आलं. मैद्यात साखर घाल, वरून तूप-लोणी कडकडीत तापवून ओत, चांगलं चोळ आणि मूठ वळून बघ. मूठ वळली की मोहन बरोबर. फारच कोरडं वाटलं तर दुधाचा हबका मार. कृती लिहिणाऱ्या पोरींना हे ठाऊक नसतं म्हणून त्या नुसतं ‘तयार करा’ लिहून मोकळ्या होतात.

डोहाळजेवणाचं म्हणशील तर माझं येणं जमेलसं वाटत नाही. गुडघा कुरकुरतोय, शिवाय मार्चात सांडग्यांचं काम निघतं. आणि मागच्या दारी मांजर व्यायलीय, तिला कोण बघणार? भाविकासाठी हिरवी साडी घेऊन ठेवलीय, ती पार्सलनं पाठवते. तुम्ही सगळं हौसेनं करा आणि मला फोटो दाखवा.

काशीनाथरावांना म्हणावं, केक चाखायच्या निमित्तानं साखर वाढवून घेऊ नका. कळावे, लोभ तर आहेच.

तुझी,
सुलूताई

•

मीरा रोड
२४ फेब्रुवारी २०२५

ती. सुलूताईस,
शि. सा. न. वि. वि.

ताई, तुझ्या मोहनानं माझी पार शोभा केली! तू सांगितलंस तसं लोणी कडकडीत तापवून ओतलं. मूठ वळली, मी खूश. मग दुधाचा हबका मारला आणि हाताच्या सवयीनं मळूनच टाकलं. त्यात टॉफीचे तुकडे खुपसले आणि केकवर थापलं. तासाभरानं ओव्हन उघडला तर केकवर एक अखंड भलीमोठी शंकरपाळी! टॉफी वितळून कडेनं खाली ओघळली आणि ट्रेला अशी चिकटली की हे पेचकस घेऊन बसले. भाविका पोट धरून हसत होती, मलाच भीती वाटायला लागली.

संध्याकाळी तिनं मैत्रिणीला फोन करून विचारलं. ती म्हणाली की लोणी फ्रीजमधलं, थंडगार हवं आणि ते बोटांच्या टोकांनी मैद्यात नुसतं कुस्करायचं. मळायचं तर नावच नाही. आपल्या साऱ्या जन्माच्या शिकवणीच्या उलटं! यांनी मात्र ती शंकरपाळी चहाबरोबर संपवली आणि असा पदार्थ अधूनमधून होत जावा असं जाहीर केलं. टॉफीचंही माझं जमत नाहीये. दोनदा केली, दोन्ही वेळा डब्यात ठेवल्यावर चिकट झाली.

आता भांडणाचं. गुडघा, सांडगे, मांजर. एका पत्रात तीन कारणं दिलीस, तेव्हाच मला कळलं की खरं चौथंच आहे. भाऊजी गेल्यापासून तू कुणाकडेच जात नाहीस. यतीनच्या लग्नानंतर माझ्या घरातलं हे पहिलं कार्य आहे, पहिलं नातवंड. तू नसशील तर मला त्यात गोडी नाही, हे स्पष्टच लिहिते. काय ते खरं कळव.

तुझी,
शैला

•

वाई
२ मार्च २०२५

चि. सौ. शैलास,
अनेक उ. आ.

मोहनाचा मार मी मुकाट्यानं खाल्ला. तुझं पत्र वाचून मीही वाटीभर मैदा आणि थंड लोणी घेऊन बसले. बोटांनी कुस्करत गेले आणि रव्याच्या लाडवाआधी असतो ना, तसा मोकळा भुगा झाला. म्हणजे तुझ्या सुनेची मैत्रीण शहाणी आहे. टॉफीचं मात्र मीच सांगणार. तू पाक लवकर उतरवतेस. थेंब गार पाण्यात टाक. बोटानं दबला तर अजून कच्चा, कट्कन मोडला की उतरव. आणि तुमची हवा पडली खाडीची, दमट. गार झाल्या झाल्या घट्ट झाकणाच्या डब्यात भर, ताटलीत उघडी ठेवू नकोस.

खरं विचारलंस म्हणून लिहिते. मागच्या वर्षी आमच्या गल्लीत मिनलचं डोहाळजेवण होतं. लहानपणापासून माझ्या अंगणात खेळलेली मुलगी. मी मोठ्या हौसेनं ओल्या नारळाच्या करंज्या करून नेल्या. ताट घेऊन तिच्यापुढे गेले, तर तिच्या सासरची एक बाई पुढे आली. अगदी गोड बोलून तिनं ताट माझ्या हातातून घेतलं आणि म्हणाली की तुम्ही आत बसा, मी देते. मी आत बसले. निघताना पाहिलं तर ताट स्वयंपाकघरात ओट्यावर तसंच होतं, एकही करंजी उचललेली नव्हती.

त्या बाईचा मला राग नाही. मला मूल नाही, आता कपाळाला कुंकू नाही. लोकांच्या मनात येतं ते येतंच. पण शैले, तुझ्या दारात असं कुणी केलं तर मला सोसायचं नाही, आणि तुला तर त्याहून नाही. भाविकाच्या वाटेला माझ्यामुळे एवढीशीही शंका नको. म्हणून मी लांबूनच आशीर्वाद देते. यावर आता वाद घालू नकोस.

तुझी,
सुलूताई

•

मीरा रोड
९ मार्च २०२५

ती. सुलूमावशींना,
भाविकाचा सा. न. वि. वि.

मावशी, मी आयुष्यात पहिल्यांदा पोस्टानं पत्र पाठवतेय, मजकुरात काही चुकलं तर सांभाळून घ्या. तुमचं पत्र आईंनी मला वाचायला दिलं. त्या वाचताना रडल्या, मग मी रडले, मग बाबा आम्हाला रडताना बघून चहा करायला गेले आणि दूध उतू घालवलं.

तुम्ही म्हणालात वाद नको, म्हणून मी वाद घालत नाही, फक्त एक सांगते. ओटी कुणी भरायची, ओवाळायचं कुणी, याचे नियम लोकांनी करून ठेवलेत. मला ते पटत नाहीत, पण तुम्हाला त्रास होईल म्हणून त्यात मी तुम्हाला ओढणार नाही. केकचं तसं नाही. केक कुणी कापायचा आणि कुणी भरवायचा हे कुठल्या भटजींना विचारा, त्यांना सांगता येणार नाही. आणि माझा डोहाळा तर केकचाच आहे.

माझी मम्मी काल राई गावाहून आली होती. तिला मी सगळं सांगितलं. ती म्हणाली की मोठी बाय हाय ती घरातली, तिच्या हातचं न्हाय खायाचं तर मग कोनाच्या हातचं खायाचं? आमच्याकडच्या कुणी तोंड उघडलं तर ती बघून घेईल, असंही म्हणाली. मम्मीला तुम्ही ओळखता, ती खरंच बघून घेईल.

मी पहिला घास तुमच्या हातून घेणार आहे. तुम्ही आला नाहीत तर केक झाकून ठेवीन आणि कुणालाच कापू देणार नाही. बाळाच्या कानाची जबाबदारी मग तुमची. यतीन शनिवारी, १५ तारखेला सकाळी दारात उभा राहील. मांजरीला आणि तिच्या पिल्लांनाही आणा, बाबांनी खोकं शोधून ठेवलंय.

तुमचीच,
भाविका

•

वाई
३० मार्च २०२५

चि. सौ. भाविकास,
अनेक उ. आ.

सुखरूप पोचले. मांजर शेजारच्या लवूकडे मजेत होती, मला बघून तिनं तोंड फिरवलं. दोन दिवसांत विसरेल.

तुझ्या पत्राला मी उत्तर लिहिलं नव्हतं. खरं तर लिहायला बसले होते, आणि ‘नाही’ असंच लिहिणार होते. पण ज्या पोरीनं माझ्यासाठी भटजींनाही निरुत्तर केलं, तिला नाही म्हणायला पेन चालेना. मग उठून पिशवी भरायला घेतली.

तुझ्या सासूशी पाकावरून झालेलं भांडण तू ऐकलंसच. ती म्हणत होती उतरव, मी म्हणत होते थांब. शेवटी टॉफी कट्कन मोडली तेव्हा तिनं हार मानली, पण तोंडानं कबूल केलं नाही, लहानपणापासून तशीच आहे. काशीनाथराव टॉफी फडक्यात बांधून बत्त्यानं फोडत होते, त्यातले चार तुकडे त्यांच्या खिशात गेलेले मी पाहिलेत. त्यांना सांग. केक मधे जरा बसला होता, पण वरच्या चुऱ्यानं सगळं झाकलं.

आता जे तिथे बोलता आलं नाही ते लिहिते. मी केक घेऊन तुझ्यापुढे आले. मला वाटलं आता कुणीतरी पुढे होणार आणि ताट हातातून घेणार. तुझ्या मम्मी, मंजुळाबाई, पुढे झाल्या, आणि त्यांनी माझ्यासाठी पाट सरकवला. तू तोंड उघडलंस, मी घास घातला. माझं काम झालं म्हणून मी मागे सरत होते, तेवढ्यात तू माझं मनगट धरलंस आणि दुसरा घास माझ्या तोंडात घातलास.

भाविका, हे गेल्यापासून लोकांनी मला वाढलंय, आग्रह केलाय, डबेही पाठवलेत. पण कुणी भरवलं नव्हतं. माणूस एकटं झालं की त्याला भरवायचं कुणाच्या मनातच येत नाही, आणि मागता तर येत नाही.

केक कसा झाला होता असं तू फोनवर दोनदा विचारलंस आणि मी छान छान म्हणत राहिले. खरं सांगू का? मला चव कळलीच नाही. तेव्हा बारशाला पुन्हा करायचा. मी येतेय.

सर्वांना यथायोग्य सांगावे. बाळासकट सगळ्यांवर माझी माया आहे, तुमचीही माझ्यावर असू द्या.

तुझी,
सुलूमावशी