तांबड्या दोऱ्याचा बोकड

तीर्थस्वरूप दादांस,

जावयाचा नमस्कार. तुमचे गुडघे कसे आहेत? जिना चढताना जास्त दुखतात की उतरताना, हे आईंनी फोनवर सांगितले नाही (मीही विचारले नाही, हे आत्ता लिहिताना लक्षात आले). इकडे सर्व ठीक. शेळ्या दूध देत आहेत. तुम्ही पाठवलेला बोकड खाऊनपिऊन मजेत आहे. हे वाक्य मी मागच्या पत्रातही लिहिले होते. तेव्हाही ते खरे होते, पण पुरेसे नव्हते.

आमच्या घरच्या बोकडाला खच्ची करायचे ठरले होते, हे तुम्हाला ठाऊकच आहे, कारण चिमटा तुमचाच. बोकड वयात आलेला आणि गोठ्यात त्याची आई, मावश्या, बहिणी. तिथे तुमच्या लांब कानांच्या वाणाचा बोकड सोडायचा, तर आधी याचा बंदोबस्त हवा. (गुडघ्यांपायी तुम्ही बाकीचा कळप विकलात आणि त्या वाणाचा हा एकच नर उरला, याची मला पूर्ण कल्पना होती. पुढचे वाचताना हे ध्यानात असू द्यावे.) "कोवळा आहे, घाई करू नका," असे तुम्ही तुमच्या बोकडाबद्दल बजावलेत, म्हणून त्याला वेगळ्या कप्प्यात ठेवले होते.

कोणतेही काम करण्याआधी त्याबद्दल वाचायची मला खोड आहे. सुरीने चिरा द्यावा, तर रक्त आणि जखमेवर माशा. रबरी कडे आवळावे, तर कितीतरी दिवसांचा ठणका. पूर्वी दगडावर ठेचत असत, ते वाचून मी पुस्तक मिटले आणि बराच वेळ मांडीवर मांडी टाकून बसलो. त्या मानाने तुमचा चिमटा सभ्य. कातडी फाटत नाही, आतली नस तेवढी चेंगरते. तरीही एका प्राण्याच्या आयुष्यातला एवढा मोठा निर्णय मी कोणत्या अधिकाराने घेतो, हा प्रश्न मला पडलाच. तुमची लेक म्हणाली, "अधिकाराचं नंतर बघा, आधी चिमट्याला तेल द्या."

ठरल्या दिवशी तिला अचानक बहिणीकडे जावे लागले. बोकडाला धरायला शेजारचा शिंपी आला. गोठा झाडायचा म्हणून दोन्ही बोकड अंगणात शेजारी बांधलेले, दोन्ही काळेभोर, एकाच अंगकाठीचे. पण एकाच्या गळ्यात तांबडा दोरा दिसला आणि माझी शंका फिटली. दादा, मी इतकी वर्षे छापखान्यात मुद्रिते तपासतो. आमच्याकडे तांबडी खूण म्हणजे 'हे काढून टाका'. तुमच्या घरात तांबडा दोरा म्हणजे 'याला हात लावायचा नाही', हे मला लग्नानंतर कुणी सांगितले नाही (मी तरी कधी विचारले?).

शिंपी पुढून म्हणाला, "साहेब, याचे कान बघा हो! मफलर गुंडाळल्यासारखे."

मी म्हणालो, "कानांचं राहू द्या, पाय घट्ट धरा." मी ज्या बाजूला बसलो होतो, तिकडे कान नसतात.

काम मात्र निर्दोष झाले. नस बोटांत चाचपली, निसटू दिली नाही, चिमटा मिटून सावकाश धरून ठेवला. दुसऱ्या बाजूला थोडे खाली, म्हणजे दोन्ही खुणा एका रेषेत येऊ नयेत, अगदी तुम्ही शिकवले होते तसे. "हात चांगला आहे तुमचा," शिंपी म्हणाला, "उगाच छापखान्यात गेलात." मला अभिमान वाटला, हेही लपवत नाही.

संध्याकाळी तुमची लेक परतली. "दोरा कशाला बांधला होता मी? त्याला थंडी वाजू नये म्हणून?" एवढेच बोलली आणि कप्प्यासमोर पाटावर बसून राहिली.

तेव्हापासून रोज सकाळी मी जाऊन त्या बोकडाला मागून पाहत असे. चिमट्याने जखम होत नाही, त्यामुळे काम साधले की फसले, हे सगळे आटू लागल्यावरच कळते. आपल्या हातून काहीतरी चूक राहून गेली असावी, अशी आशा मी आयुष्यात प्रथमच धरली. राहिली नव्हती. आटले.

तुम्ही उभा जन्म जपलेला वाण मी अत्यंत काळजीपूर्वक संपवला आहे. याहून सौम्य वाक्य मी दोनदा लिहून पाहिले, पण ते खरे वाटेना.

तुमचा,
जावई

ता. क. चिमटा तेल लावून, फडक्यात गुंडाळून पार्सलने परत पाठवत आहे. घरचा बोकड अजून आहे तसाच आहे. त्याचे काम गुरांच्या दवाखान्यात करून घ्यावे, असे घरात एकमताने ठरले (मत एकच होते).

पुन्हा ता. क. पत्र तुमच्या लेकीने वाचले. "मुद्द्याचं लिहिलंच नाहीत," म्हणाली. तर ते असे. चिमट्याच्या आधल्याच आठवड्यात कप्प्याची कडी लावायला मी विसरलो होतो. त्यावरून मी पुष्कळ ऐकून घेतले, म्हणून तुम्हाला कळवले नाही. तुम्ही ज्याला कोवळा म्हणत होतात, तो सकाळी ठिपक्यांच्या शेळीपाशी सापडला. घरचा बोकड तेव्हा परसात दाव्याला होता (गाठ शिंप्याने मारली होती, म्हणून खात्रीने लिहितो). ती शेळी त्यानंतर माजावर आलेली नाही. काल डॉक्टरांनी तपासून ती गाभण असल्याचे सांगितले.

तेव्हा तिच्या विण्याच्या सुमारास तुम्ही आणि आई इकडे या. जिना नको म्हणून खालची खोली रिकामी केली आहे. नर झाला, तर त्याच्या गळ्यात दोरा तुम्ही स्वतःच्या हाताने बांधायचा. रंग कोणताही चालेल, फक्त तांबडा नको.