पळपुटा सरदार

काकी, तुमच्या पाया पडतो.

रविवारी क्वीन्सटाउनला मराठी मंडळाच्या नाटकात पडदा ओढायला गेलो होतो. त्यात जुन्या काळचा एक चिलखतवाला इंग्रज सरदार लढाईतून पळतो, लोक हसतात. दिग्दर्शक प्रबोध सर म्हणाले, "खरा तो शूर लढवय्या होता रे. नाटकवाल्यांनी पळपुटा केला, तेच लोकांच्या लक्षात राहिलं."

मला हसू आलं नाही. तुमचा विनायक परांचीवरून पडून गेला तेव्हा त्याचा कमरेचा सुरक्षेचा पट्टा तुटला होता. सुपरवायझरने कागदावर लिहिलं, पट्टा लावलाच नव्हता. मला म्हणाला, "साक्षीदार म्हणून सही कर, नाहीतर कामाचा पास रद्द, गावी परत."

काकी, मी सही केली. तो कागद तुमच्याकडे येईल, पण हे पत्र टाकायची माझी हिंमत नाही. उद्या विनायकच्या जागी मी चढतोय. पट्टा तसलाच जुना दिलाय.

तोंड दाखवायच्या लायकीचा न उरलेला,
रघू