सुपामागची बाई

पॅरिस, मंगळवार

प्रिय मारीवॉनताई,

धाकट्या बहिणीचा नमस्कार. तुझे गुडघे कसे आहेत? भावोजींचा खोकला? गाय व्याली का? (गाईचं आधी विचारायला हवं होतं, भावोजी रुसतील.) मी ठणठणीत आहे, म्हणजे खोकते, पण कॅमेऱ्यासमोर खोकत नाही.

आईच्या डोळ्यांचं तू लिहिलंस, ते दोनदा वाचलं. डॉक्टर म्हणतात, हिवाळ्यानंतर तिला नुसता उजेड-अंधार कळेल. आणि ही बाई रविवारी माझा सिनेमा बघायला पाद्रीबुवांपासून पाववालीपर्यंत सगळ्यांना आमंत्रणं देऊन बसली! ताई, तिला नेऊ नकोस. बस बंद आहे म्हण, गाय अडली म्हण, काहीही सांग.

त्याचं असं झालं. वीस वर्षं मी पडद्यावर लोकांना दारं उघडून देते आहे. नर्स झाले, मठातली जोगीण झाले, विधवा तर कितीदा तरी झाले (नवरी एकदाही नाही, हे आई दर नाताळला सुनावते). या खेपेला मात्र खाणावळवालीचं काम मिळालं, आणि तिला चक्क नाव होतं! घर सोडून निघालेल्या नायकाला मी सूप वाढायचं आणि म्हणायचं, ‘जेवून जा बाळा, रस्ता कुठे पळून जात नाही.’ हे वाक्य मीच सुचवलं आणि दिग्दर्शकांना आवडलं. चेहरा पडदाभर दिसणार होता. आईला एकदा तरी माझं तोंड एवढं मोठं बघायला मिळावं, एवढीच माझी हाव.

पण स्टुडिओत सूप म्हणून काय ठेवतात, ठाऊक आहे? रंगवलेलं कोमट पाणी! आपल्या ब्रिटनी प्रांतातली बाई पाहुण्याला असलं वाढेल? मी पहाटे उठले आणि कोबी, बटाटा, खारवलेलं डुकराचं मांस घालून आईच्या पद्धतीचं सूप रांधून नेलं. नायक तीन वाडगे प्यायला. नायिका (एरवी माझ्याकडे बघतसुद्धा नाही) मागून येऊन म्हणाली, “आर्मेलबाई, तळाशी थोडं उरलंय का हो?” आणि कॅमेरावाले लुवेल ओरडले, “अहो, वाफ बघा, वाफ! कॅमेरा खाली घ्या, अजून खाली!” मला वाटलं, घेतील पुन्हा वर. कोण घेतंय!

तयार सिनेमा आम्हाला दाखवला, तेव्हा मी नवी टोपी घालून गेले. पडद्यावर सूप, वाफ आणि कोपरापर्यंत माझा उजवा हात. माझ्या वाक्यावर व्हायोलिन वाजतंय, शब्द ऐकूच येत नाहीत. शेजारचा म्हणतो, “काय काम केलंय हो सुपाने!” मी हसले. मग बाहेर पायरीवर बसून पोटभर रडले. आता आई सगळ्या गावादेखत मला शोधत बसेल आणि मी नसेनच. तेव्हा नेऊ नकोस.

मुलांना पापे.

तुझी,
आर्मेल

ता. क. लहानपणी तव्यावर भाजल्याचा मनगटावरचा डाग वाफेतूनसुद्धा दिसतो. लोणी लावता लावता माझ्यापेक्षा आईच जास्त रडली होती, आठवतं?

पुन्हा ता. क. ने तिला. पुढच्या बाकावर बसव. हात दिसला की तिचा हात दाब आणि ते ‘जेवून जा बाळा’ तिच्या कानात म्हण. ओळखेल ती. मी पॅरिसला निघाले, तेव्हा दारात तीच ते म्हणाली होती.